कोऱ्या रिळाचा पुरावा

अठराव्या वर्षी मला कुणी शपथ घालून विचारलं असतं, तर मी भर कोर्टात सांगितलं असतं की आमच्या घरात एक परदेशी हेर राहतो, आईच्या हातचं कोळंबीचं सार ओरपतो आणि आमच्या घराचे नकाशे काढून कुठेतरी पाठवतो. पुढे हा हेर सिनेमाचा दिग्दर्शक निघाला. दिग्दर्शक म्हणजे नट्यांबरोबर फोटो येतात तसला नव्हे. स्वतःच्या पगारातून, स्वतःच्या खांद्यावर कॅमेरा वाहून, तीस-पस्तीस वर्षांत सात-आठ सिनेमे करणारा, स्वतःच्या देशातही फार थोड्यांना ठाऊक असणारा. पण ज्यांना ठाऊक आहे ते त्याच्याबद्दल आवाज खाली आणून बोलतात. आणि ज्या एका गोष्टीसाठी ते आवाज खाली आणतात, ती गोष्ट मी केलेली आहे. नारळ खोवायच्या विळीने. हे मी आजवर दोन माणसांना सांगितलं. दोघांनीही विश्वास ठेवला नाही.

आमचं घर दिंडोशीला, आरेच्या हद्दीला पाठ लावून. दोन खोल्या, मागे पडवीएवढी मोरी, आणि तिच्या खिडकीतून चोवीस तास येणारा म्हशींचा वास. पाहुणे नाक मुरडायचे, आम्हाला मात्र तो वास आला नाही तर चुकल्यासारखं वाटायचं. पहाटे दुधाच्या बाटल्यांचा खणखणाट, मग आईचा पाटा-वरवंटा, मग शेजारच्या रोझीबायच्या कोंबड्या. रोझीबाय इथल्या मूळच्या गावठाणातली ख्रिस्ती बाई. तिच्या वाडवडिलांची इथे भातशेती होती, आम्ही सगळे नंतर आलेले उपरे, असं ती दिवसातून एकदा तरी ऐकवायची आणि मग वाटीभर मसाला आणून द्यायची. बाबा गिरणीत होते. गिरणी बंद पडल्यावर एका औषधाच्या कारखान्याच्या गेटवर लागले. काम एकच, सुटणाऱ्या माणसांच्या पिशव्या उघडून बघायच्या. दिवसभर पिशव्या बघून घरी आले की माझ्या कॉलेजच्या पिशवीकडेही त्यांचा हात आपोआप जायचा. आई कोळणीकडून घेतलेलं पापलेट घरच्या तागडीवर पुन्हा जोखायची. मी कोण आलं, कोण गेलं, किती वेळ थांबलं, हे मनात टिपून ठेवायची. थोडक्यात, संशय हा आमच्याकडे घरचाच धंदा होता आणि तो मी पुढे चालवणार, याबद्दल कुणाला शंका नव्हती.

अशा घरात भाईमामाने त्या माणसाला आणून उभं केलं. भाईमामा म्हणजे आईचा धाकटा भाऊ, गोरेगावच्या एका कारखान्यात फोरमन. तिथे प्लास्टिकच्या बाटल्या पाडायचं यंत्र कोरियातून आलं होतं, आणि ते बसवायला यंत्राबरोबर एक माणूसही आला होता. तिशीच्या आतला, शिडशिडीत, अंगात पांढरा शर्ट, हातात तीन पेट्या.

"ताई, ह्याका गणपतीपर्यंत ठेव," मामा म्हणाला. "हॉटेलातला खावन खावन तेचा पोट बिघडला हा. यंत्र चालू झाला की जायत."

"आणि चेडू वयात इलेला घरात, ता?" आई म्हणाली.

"शालूक घेवन तू सैपाकघरात नीज. आणि तो काय बघतलो शालूकडे? तो यंत्राकडे पण नीट बघना नाय."

हे मला लागलं, ते लागलंच. पण त्यातली खरी गोम मला लगेच दिसली. यंत्र बसवायला आलेला माणूस यंत्राकडे बघत नाही. मग तो बघतो कशाकडे?

त्याचं नाव हान. आई त्याला 'हानभाऊ' म्हणू लागली, कारण जेवणाच्या ताटावर ती कुणालाच परका ठेवत नसे. भात आणि मासे म्हटल्यावर त्याचा चेहरा उजळायचा. सुक्या जवळ्याची चटणी तो अशी खायचा की बाबांनी मान खाली घालून स्वतःचा वाटा वाचवावा. आई दारात त्याला रोज विचारायची, "जेवलंस?" हा शब्द त्याने सगळ्यांत आधी उचलला. आमच्या कोरियातही माणूस भेटला की आधी हेच विचारतात, असं त्याने मला सांगितलं. त्याचं इंग्रजी आणि माझं इंग्रजी मिळून जेमतेम एक वाक्य पुरं व्हायचं, आणि बाहेरच्या जगाशी त्याची सगळी बोलणी त्या वाक्यातून माझ्यामार्फतच चालायची. म्हणजे मी त्याची दुभाषी होते आणि पहारेकरीही. दोन्ही कामं मी मन लावून केली.

पहिल्या पेटीत नुसते कपडे निघाले, पण त्यांच्या मागोमाग आली बरणी. आईकडूनच मागून घेतलेली लोणच्याची चिनी मातीची बरणी, तिच्यात त्याने कोबी, मीठ, लसूण आणि आमचं लाल तिखट कोंबलं आणि ती दिवाणाखाली ठेवली. चौथ्या दिवशी बरणी बोलू लागली. दुपारी घर शांत असलं की दिवाणाखालून फुस्स, मग थोडा वेळ काही नाही, मग पुन्हा फुस्स. वास असा की मागच्या म्हशी मागे पडल्या. रोझीबाय दारातूनच म्हणाली, "मी सांगते तुला, शालू, ह्याला खाणं नाय म्हणत. आमच्यात पण आंबवतात, पण ते आवाज करत नाय."

दुसऱ्या पेटीत एक टेपरेकॉर्डर होता. आणि तिसऱ्या पेटीत कॅमेरा. मुठीने धरायचा, शिवणयंत्रासारखा टरटर करणारा. त्यात पावाएवढ्या चपट्या प्लास्टिकच्या डबीतलं रीळ जायचं. तो म्हणाला, मी सिनेमा करतो. इथे माझी खात्रीच पटली की हा खोटं बोलतोय. कारण शूटिंग म्हणजे काय हे दिंडोशीच्या माणसाला कुणी शिकवायचं? टेकडीपलीकडे स्टुडिओ. आरेच्या रस्त्यावर आठवड्यातून एकदा तरी हिरो झाडाभोवती सापडायचा. शूटिंग म्हणजे जनरेटर, चांदीचा कागद लावलेले फळे, हिरॉईनच्या डोक्यावर छत्री धरणारा इसम, आणि गर्दीला शिव्या देणारा दुसरा इसम. सिनेमा कसा करतात हे आमच्याकडच्या शेंबड्या मुलांना ठाऊक होतं. आणि हा माणूस एकटा.

मी त्याच्या मागावर राहिले. दुभाषी म्हणून सोबत जायचंच होतं, त्यामुळे पाळत ठेवायला वेगळं तिकीट पडलं नाही. आरेत त्याने एका म्हशीची शेपटी टिपली. पंधरा मिनिटं गुडघ्यावर बसून, ती शेपूट माशी हाकलेपर्यंत. रविवारी जुहूला नेलं, तर समुद्राकडे पाठ करून त्याने वाळूत काढून ठेवलेल्या चपला टिपल्या. मी विचारलं, समुद्र नको? तो म्हणाला, समुद्र आमच्याकडे पण आहे. चपला तुमच्याकडे नाहीत का, असं विचारायचं माझ्या ओठावर होतं. घरी आल्यावर मी बाबांना अहवाल दिला.

"शेपटी?" बाबा म्हणाले.

"शेपटी. आणि चपला."

बाबांनी डोकं खाजवलं. "पिशवीत काय घालून नेत नाय ना?"

आज हे लिहिताना मला हसू येतं, पण त्या काळचा संशय खरा होता, आणि त्याला एक चव होती. मी वयाने अशी होते की माझ्याकडे जगात कुणी निरखून पाहत नव्हतं. हा माणूस म्हशीकडे, चपलांकडे, आईच्या वरवंट्याकडे एकटक बघायचा, आणि माझ्याकडे बघायचा ते फक्त वाक्य पुरं करून घ्यायला. हेर असल्याशिवाय असं कोण करील, असा माझा हिशेब.

गणपतीच्या चार दिवस आधी मला त्याची वही सापडली. सापडली म्हणजे मी त्याच्या उशीखालून काढली. आत आमचं घर होतं, वरून छप्पर उचलून पाहावं तसं. दोन्ही खोल्या, मोरी, बाहेरच्या खोलीची खिडकी, देव्हारा, कपाट. सगळीकडे बाण. दाराशी बाबांचं चित्र, हातात डबा, आणि बाजूला वेळ: सात दहा. बाबा बरोबर सात दहाला निघायचे. आई पाट्याशी, आठ पंचवीस. खिडकीवर फुली. पुढच्या पानावर चौकोनांच्या रांगा, प्रत्येक चौकोनात आमच्या घराचा एकेक कोपरा, आणि एका चौकोनात एक मुलगी, दारामागून डोकावणारी. तिचे डोळे त्याने दोन बारीक रेघांनी काढले होते. घराचा नकाशा, माणसं कधी जातात ती वेळ, आत शिरायची खिडकी. अजून काय पाहिजे?

त्या रात्री बाबा घरीच होते. मी वही त्यांच्यापुढे टाकली. त्यांनी आपलं चित्र बराच वेळ पाहिलं.

"डबो बरो काढल्यान हा," ते म्हणाले.

"बाबा, हा दरोड्याचा नकाशा आहे."

"आमच्याकडे काय गो दरोडो घालतलो? तुझ्या आवशीची तागडी?"

"मग पोलिसांत द्या. नाहीतर मामाला सांगून घालवा त्याला."

बाबांनी वही मिटली. "गणपती येतासत. गाऱ्हाण्यात घालूया. देवाक काय ता ठरवांदे."

गाऱ्हाणं म्हणजे आम्हा मालवणी लोकांचा देवाशी बोलायचा रिवाज. आरती झाली की घरातला मोठा माणूस देवासमोर उभा राहतो आणि वर्षभराचं सगळं खणखणीत आवाजात सांगून टाकतो. कुणाचं दुखणं, कुणाचं भांडण, कुणाच्या मनात काय. काही लपवायचं नाही, आणि प्रत्येक मागणीनंतर जमलेल्या सगळ्यांनी 'व्हय म्हाराजा' म्हणायचं. म्हटलंत की तुम्हीही त्या मागणीला बांधले गेलात. म्हणून जे मनापासून नको असेल त्याला माणसं गप्प राहतात, आणि सगळ्यांना ते ऐकू येतं.

चतुर्थीला दुपारी आमची बाहेरची खोली गच्च भरली. हानने आधीच परवानगी मागितली होती. टेप त्याने गणपतीच्या मखराशेजारी ठेवला आणि स्वतः भिंतीला चिकटून कॅमेरा डोळ्याला लावला. मामाने त्याला 'व्हय म्हाराजा' शिकवून ठेवलं होतं. मी आतल्या दारात निरांजनाचं ताट घेऊन उभी होते, आणि मला आठवतं, कॅमेरा सुरू झाला तो आधी माझ्याकडे वळला.

"बा गणराया म्हाराजा," बाबांनी सुरुवात केली, "ह्या दोन खोल्यांत तुझी जी काय सेवा झाली हा, ती गोड मानून घे रे म्हाराजा."

"व्हय म्हाराजा."

"ह्या चेडवाची इंग्रजीची परीक्षा आसा. अभ्यास सोडून लोकांच्या पाळतीर असता. तरी पण तेका पास कर रे म्हाराजा."

"व्हय म्हाराजा," सगळे हसत म्हणाले.

"रोझीबायच्या कोंबड्यांका मुंगूस तरास देता, तेचो बंदोबस्त कर रे म्हाराजा."

"व्हय म्हाराजा." रोझीबायने म्हटलं आणि वर छातीवर क्रूसाची खूणही केली.

मग बाबा थांबले. "आणि जो कोण परमुलखातून येवन आमच्या छपराखाली ऱ्हवलो हा, तेच्या मनात काय वाकडा आसात, तर ता सरळ कर रे म्हाराजा."

"व्हय म्हाराजा." सगळ्यांत मोठा आवाज माझा होता. माझ्या खालोखाल हानचा. बिचाऱ्याला एक अक्षर कळलेलं नव्हतं, आणि तो स्वतःविरुद्धच्या तक्रारीला जीव ओतून हुंकार देत होता.

बाबांनी पुन्हा हात जोडले. "आणि आमच्याच मनात काय वाकडा आसात, तर ता आधी सरळ कर रे म्हाराजा."

सगळे म्हणाले. मी म्हटलं नाही. बाबांनी आयत्या वेळी देवासमोर माझी केस पातळ केली, याचा मला संताप आला होता. मी ओठ घट्ट मिटून उभी राहिले.

दुसऱ्या दिवशी ऋषिपंचमी. हान सकाळी अंघोळीला मोरीत गेला आणि मी त्याच्या पेटीतून आदल्या दिवसाची डबी उचलली. देव वेळ लावत होता, पुरावा मलाच काढायला हवा होता. डबी उघडेना. मग मी विळी आडवी केली, डबी तिच्या पात्यावर धरून वरून वरवंटा घातला. आत रिळाची घट्ट गुंडाळी. बाहेरच्या खोलीच्या खिडकीशी उन्हात धरून मी ती हात हात ओढत गेले. लग्नाच्या फोटोंची निगेटिव्ह उजेडात धरून बघतात, तसं. मला वाटलं होतं, इवली इवली माणसं दिसतील, आणि कदाचित कारखाने, पूल, बंदर. काही नव्हतं. नुसता मातकट, कोरा पट्टा. शेवटचं हातभर रीळ गाभ्याला चिकटून बसलं होतं, ते सुटेना. पण तोवर माझं काम झालं होतं.

दुपारी पंगत बसली. केळीच्या पानांवर ऋषीची भाजी, बिनतिखटाची. मामा होता, रोझीबाय होती, हान मांडी घालून बाबांच्या शेजारी. मी परकराच्या घोळासारखं ते रीळ दोन्ही हातांत धरून आले आणि मधोमध उभी राहिले. खोटं कशाला सांगू, तो क्षण मला फार आवडला.

"हे बघा," मी म्हटलं. "सिनेमा करतो म्हणे. रीळ कोरं आहे. एकसुद्धा चित्र नाही. हा नुसता कॅमेरा डोळ्याला लावून आपल्यावर नजर ठेवतो."

बाहेर रोझीबायचा कोंबडा ओरडला. हानचा हात भातात होता, तो तिथेच राहिला. त्याचा चेहरा मी तेव्हा पहिल्यांदा निरखून पाहिला. त्यात चोराचं काही नव्हतं. आपलं मूल कुणीतरी उचलून आणून दाखवावं आणि ते हलत नसावं, तसा तो चेहरा होता.

मामाने कपाळावर हात मारला. "गो शाणे, फोटो रिळात असो दिसणा नाय. आधी औषधात धुवचो लागता. परदेशात पाठवतत, तेव्हा खय चित्र येता. आणि धुवच्या आधी उजेड लागलो तर सगळा जळता. तुया ता उन्हात धरलंस?"

"खिडकीशी," मी म्हटलं. "तो नकाशा... वेळा लिहिल्यात..."

मामाने हानला इंग्रजीत विचारलं आणि त्याने हळू आवाजात उत्तर दिलं. बाण म्हणजे कॅमेरा कुठे ठेवायचा ते. वेळा म्हणजे खिडकीतून ऊन कुठे पडतं ते. फुली खिडकीवर होती, कारण आमच्या घरातला सगळा उजेड तिथूनच यायचा. आणि आदल्या दिवशीचं गाऱ्हाणं पुन्हा होणार नव्हतं, पुढच्या वर्षीपर्यंत, आणि पुढच्या वर्षी तो नसणार होता.

"शालू, माफी माग," आई म्हणाली.

मला मागता आली नाही. शब्द ठाऊक होता, दोन्ही भाषांत. हान उठला, हात धुऊन आला, माझ्या हातातून रीळ घेतलं आणि बोटांनी पुन्हा गुंडाळून आईच्या जुन्या जेवणाच्या डब्यात ठेवलं. मग पानावर बसून उरलेला भात पुरा जेवला. पंधरा दिवसांनी यंत्र चालू झालं आणि तो गेला. निघताना आईला म्हणाला, "जेवलंस?" आई रडली. बरणी तो ठेवून गेला. माझ्याशी तो नीट बोलला, पण वाक्य पुरं करून घ्यायला त्याला आता माझी गरज लागत नव्हती.

पुढचं मला मामाला आलेल्या पत्रांतून कळत गेलं. हानने परत गेल्यावर नोकरी सोडली. तेव्हा त्याच्या देशात सरकारच्या मर्जीशिवाय सिनेमा दाखवता येत नसे, म्हणून तो कॉलेजांच्या खोल्यांत चादरी टांगून दाखवायचा. आमच्या घरावरचा त्याचा पहिला सिनेमा अर्ध्या तासाचा, नाव 'जेवलंस?'. त्यात एके ठिकाणी तीन मिनिटं पडदा पांढरा राहतो आणि फक्त आवाज ऐकू येतो. पाहणाऱ्यांना ते फार भिडलं. मग तो ती गोष्ट प्रत्येक सिनेमात करू लागला. दिवसा यंत्रांचे सुटे भाग विकायचा, चार-पाच वर्षांनी एक सिनेमा काढायचा, आणि प्रत्येकात एकदा पडदा पांढरा. त्याच्याबद्दल लिहून आलं ते त्याबद्दलच. मामाने एकदा एक कात्रण आणलं, कुणा परदेशी विद्वानाचं. पौर्वात्य शून्य, मौन, ध्यान, असं बरंच होतं. विळीचा उल्लेख नव्हता.

आणि इथे माझा जुना धंदा पुन्हा सुरू झाला. त्याने सिनेमात काय ठेवलंय? माझं नाव? माझी फजिती जगभर दाखवत फिरतोय का हा? बाबा गेले, आई गेली, मामा गेला, पत्रं थांबली. संशय तेवढा घरात राहिला.

दोन वर्षांपूर्वी अंधेरीला एका छोट्या सभागृहात त्याचे जुने सिनेमे दाखवणार, आणि तो स्वतः येणार, असं भाचीने सांगितलं. मी गेले. शेवटून दुसऱ्या रांगेत, पदर डोक्यावरून, जणू मलाच कुणी हुडकत होतं. सगळ्यांत पुढच्या रांगेत एक पांढरं डोकं दिसत होतं, हानचंच असणार. अंधार झाला. म्हशीची शेपटी आली. चपला आल्या. आईचा वरवंटा आला, फक्त हात आणि बांगड्या, आणि मला नीट दिसेना, म्हणून मी चष्मा पुसला. मग मखर, आणि कॅमेरा वळला.

दारात मी. अठरा वर्षांची, हातात ताट, डोळे दोन रेघांएवढे बारीक करून कॅमेऱ्याकडे बघणारी. गाभ्याला चिकटून बसलेलं ते हातभर रीळ मी उन्हात ओढू शकले नव्हते, तेवढं वाचलं होतं. पाच-सहा सेकंद. मग माझ्या चेहऱ्याच्या कडेने नारिंगी जाळ शिरला, पसरत गेला, आणि सगळं पांढरं झालं. कुणालाही वाटावं, त्या मुलीच्या नजरेनेच पडदा पेटला. आणि त्या पांढऱ्यातून बाबांचा आवाज आला. इतका जवळून की मी पिशवी मागे लपवली.

सेवा गोड मानून घे. चेडवाला पास कर. कोंबड्या, मुंगूस. सभागृहात कुणाला शब्द कळत नव्हते, माणसं नुसती स्तब्ध बसून होती. जो कोण परमुलखातून इलो हा, तेच्या मनातला वाकडा सरळ कर. 'व्हय म्हाराजा'. माझा आवाज त्यात सगळ्यांवर चढलेला, पातळ, विजयी. आणि आमच्याच मनात काय वाकडा आसात, तर ता आधी सरळ कर रे म्हाराजा. 'व्हय म्हाराजा'. आईचा आवाज, रोझीबायचा, मामाचा, हानचा तो वेडावाकडा उच्चार. आणि त्यात एक खड्डा. एका माणसाएवढा. तीस-पस्तीस वर्षं देशोदेशींच्या लोकांनी हे ऐकलं, आणि त्यांतल्या एकाच माणसाला, म्हणजे मला, ठाऊक होतं की इथे एक आवाज कमी आहे. एकाला की हान धरून दोघांना, हे मी आजही खात्रीने सांगू शकत नाही.

पडदा पांढराच होता. मी डोक्यावरचा पदर खाली घेतला आणि म्हटलं, "व्हय म्हाराजा." वाटलं होतं त्यापेक्षा जरा मोठ्याने.

पुढच्या रांगेतलं पांढरं डोकं वळलं. माझ्या शेजारचा दाढीवाला मुलगा कुजबुजला, "आंटी, प्लीज. पिक्चर चालू आहे."

"हो रे बाबा," मी म्हटलं. "माझं एवढंच राहिलं होतं."